सामंतांची साक्ष : ज्यूरी, पंच आणि आपण



संयोजकांनी आम्हाला विषय दिला तो 'न्यायदानातली नागरिकाची जबाबदारी'. विषय ऐकल्यावर पहिली शंका आली ती ही की, अशी काही जबाबदारी आपल्याकडे उरली आहे का? अमेरिकेत घरी पत्र येते, अमुक तारखेला ज्यूरीसाठी हजर राहा. धाराशिवात असे पत्र कुणाला आल्याचे आम्ही ऐकलेले नाही आणि येणारही नाही, कारण ज्यूरी या देशातून जाऊन पन्नास वर्षे झाली. मग बोलायचं कशावर? विचार करता करता एक जुने नाटक आठवले, आणि त्या नाटकातला एक साधा माणूस. आज त्याच्याविषयीच बोलू.

नाटक आपल्या सगळ्यांच्या ओळखीचे. विजय तेंडुलकरांचे 'शांतता! कोर्ट चालू आहे'. १९६७ साली ते रंगभूमीवर आले. त्यावर पुष्कळ लिहिले गेले आहे आणि ते बहुतेक लीला बेणारेबद्दल आहे, ते योग्यच आहे. पण आम्हाला अलीकडे त्यातला सामंत सोडवत नाही. सामंत कोण? मुंबईहून हौशी नाटकमंडळी एका खेड्यात येतात, अभिरूप न्यायालयाचा प्रयोग करायला. त्यांचा एक नट आलेला नाही, म्हणून गावातल्या सामंताला साक्षीदाराचे काम देतात. तो म्हणतो, मी कधी कोर्ट पाहिलेलं नाही. म्हणून त्याला कोर्ट समजावे यासाठी एक लुटुपुटूचा खटला उभा करायचे ठरते.

आता बघा, हे लक्षात घेतले पाहिजे. ज्या खटल्यात पुढे एका बाईची चामडी सोलली जाते, तो खटला सुरू होतो नागरिकशास्त्राचा तास म्हणून! एका भल्या खेडूताला न्यायालयाची रीत शिकवायची, एवढाच हेतू. आणि तो शिकतो काय? आरोपीचा वकील आलेला नाही, म्हणून फिर्यादीचा वकील सुखात्मे दोन्ही बाजू सांभाळतो. न्यायाधीश काशीकर मध्येच न्यायासनावरून उतरून स्वतःच साक्ष देतो. आणि सामंत? त्याला विचारतात, तुम्ही काय पाहिलंत? त्याने काहीच पाहिलेले नाही. पण मंडळींचा विरस होऊ नये म्हणून तो हातातल्या कादंबरीतला प्रसंग आपण पाहिला म्हणून सांगतो. नंतर म्हणतोही, अहो, हे पुस्तकातलं आहे. पण तोवर बाण सुटलेला असतो. ते पुस्तकातले वाक्य खऱ्या बेणारेच्या खऱ्या आयुष्यावर नेमके जाऊन बसते.

सामंत दुष्ट नाही. उलट सगळ्या नाटकात तोच एक सालस माणूस. शेवटी तो पुतण्यासाठी घेतलेला हिरव्या कापडाचा पोपट तिच्याजवळ ठेवून जातो. पण खटल्यात त्याच्या सालसपणाचा उपयोग झाला तो फिर्यादी पक्षाला. आमचा आजचा मुद्दा इथेच सुरू होतो. न्यायाच्या कामात चांगला माणूस असणे पुरत नाही.

या नाटकाविषयी एक वाक्य नेहमी वाचायला मिळते : इथे प्रेक्षक हीच ज्यूरी. वाक्य टाळीचे आहे, पण आम्हाला ते पटत नाही. ज्यूरीतल्या माणसाला शपथ असते. दोन्ही बाजू ऐकल्याशिवाय मत बनवायचे नाही, असे बंधन असते. आपल्या मताने एखादा तुरुंगात जाईल किंवा सुटेल, हे ओझे त्याच्या खांद्यावर असते. प्रेक्षकावर कुठले ओझे? तो हळहळतो, मध्यंतरात वडा खातो आणि शेवटची एसटी चुकू नये म्हणून घाई करतो. प्रेक्षकाला ज्यूरी म्हणणे म्हणजे जबाबदारीशिवाय न्यायाधीश होण्याची मुभा देणे. आज ती मुभा प्रत्येकाच्या खिशातल्या मोबाइलमध्ये आहे. गुन्हा घडल्याच्या संध्याकाळी आपण निकाल देऊन मोकळे होतो. प्रेक्षक वाढले, ज्यूरी मात्र नाहीशी झाली.

ती ज्यूरी आपल्याकडे होती कशी, हेही थोडे पाहू, कारण तिच्याबद्दल दोन दंतकथा चालतात.

पहिली दंतकथा अशी की ज्यूरी म्हणजे जनतेचा आवाज. मराठी माणसाने हे म्हणताना २२ जुलै १९०८ हा दिवस आठवावा. लोकमान्यांवरचा राजद्रोहाचा खटला. ज्यूरी नऊ जणांची, त्यांत सात युरोपीय. सात विरुद्ध दोन अशा मतांनी टिळक दोषी ठरले आणि सहा वर्षांची शिक्षा झाली. त्याआधी १८९७ च्या खटल्यातही तेच. सहा युरोपीय दोषी म्हणाले, तिघे भारतीय निर्दोष म्हणाले. आणखी एक गोष्ट आहे, ती आम्हाला त्याहून महत्त्वाची वाटते. खटला 'केसरी'तल्या मराठी लेखांवर होता, आणि ज्यूरीतल्या बहुसंख्यांपुढे होते त्यांचे इंग्रजी भाषांतर. टिळकांना आपल्या बचावातला मोठा वेळ कोणत्या मराठी शब्दाचे भाषांतर कसे चुकले, हे सांगण्यात घालवावा लागला. ज्या भाषेत गुन्हा घडला असे म्हणतात, ती भाषाच न वाचणारे लोक निकाल देतात! माणसे नऊ असली म्हणून ती समाज होत नाहीत. ती कोण निवडतो, कुठून निवडतो, हे आधी विचारायचे असते.

दुसरी दंतकथा नानावटी खटल्याची. २७ एप्रिल १९५९ ला नौदलातल्या कमांडर नानावटीने प्रेम आहुजाला गोळ्या घातल्या. ज्यूरीने आठ विरुद्ध एक मतांनी त्याला निर्दोष ठरवले. सेशन्स न्यायाधीशांना ते पटले नाही, त्यांनी प्रकरण उच्च न्यायालयाकडे पाठवले. तिथे जन्मठेप झाली आणि १९६१ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ती कायम केली. पुढे १९६४ मध्ये राज्यपालांनी त्याला माफीही दिली. यावर चित्रपट निघाले, आणि सर्वांच्या डोक्यात बसले की नानावटीमुळे ज्यूरी गेली. आता तारखा पाहा. विधी आयोगाने आपल्या चौदाव्या अहवालात ज्यूरी बंद करावी अशी शिफारस केली ती १९५८ साली. म्हणजे गोळ्या झाडल्या जाण्याच्या आधीच. नानावटी खटल्याने त्या मरणपंथाला लागलेल्या पद्धतीची बदनामी पूर्ण केली, इतकेच. १९७३ ची फौजदारी प्रक्रिया संहिता १ एप्रिल १९७४ पासून लागू झाली, तिच्यात ज्यूरीला जागाच राहिली नाही. मुंबईत पारशी समाजाच्या वैवाहिक दाव्यांत न्यायाधीशांबरोबर समाजातले प्रतिनिधी बसतात, तेवढे एक अवशेष उरले. आणि गंमत अशी की ज्यूरी गेल्यानंतर बारा वर्षांनी, १९८६ मध्ये, 'एक रुका हुआ फ़ैसला' हा हिंदी चित्रपट आला. बंद खोलीतले बारा ज्यूरी आपण कौतुकाने पाहिले, आजही पाहतो. देशात अस्तित्वात नसलेल्या खोलीत ती माणसे वाद घालत आहेत, हे कुणाला खटकलेही नाही.

आपल्या जिल्ह्याचे तर आणखी वेगळे. मुंबई इलाख्यात ज्यूरी होती ती सरकार ठरवील त्या जिल्ह्यांत. तेव्हा आपण निजामाच्या राज्यात. त्या हुकमांशी आपला संबंध नव्हता. सप्टेंबर १९४८ मध्ये आपण मुक्त झालो, १९५६ मध्ये मुंबई राज्यात आलो, तेव्हा ज्यूरीचे दिवस भरतच आले होते. मात्र आपल्याकडे दुसरा एक शब्द फार जुना आहे. पंच.

'पाचामुखी परमेश्वर' ही म्हण आपण अभिमानाने सांगतो. मराठेशाहीत गोतसभा बसत असे. पाटील, कुलकर्णी, देशमुख, बलुतेदार जमायचे, वादाचा निवाडा व्हायचा, आणि त्याचा महजर लिहिला जायचा. खाली ज्यांना लिहिता येई त्यांच्या सह्या, बाकीच्यांच्या निशाण्या. पाटलाचा नांगर, बलुतेदारांची आपापली हत्यारे. कागद बघायला सुंदर असतो. पण त्याच गावात शिवेचा वाद निघाला की गावच्या महाराचा शब्द प्रमाण मानत. शीव कुठे हे त्याला ठाऊक असे. आणि पंक्तीत, पाणवठ्यावर, देवळात त्याच माणसाला जागा नव्हती. म्हणजे ज्याचे ज्ञान पाहिजे, त्याची बरोबरी नको! पाचांच्या मुखी परमेश्वर आहे म्हणताना ते पाच कोण, हा प्रश्न विचारायचाच नाही, असा तो संकेत होता. मुंबई विधिमंडळात १९३२ मध्ये ग्रामपंचायतींना न्यायाचे अधिकार द्यायचा प्रश्न आला तेव्हा डॉ. आंबेडकरांनी विरोध केला तो याच कारणाने. जातींत वाटलेल्या गावात पंच निःपक्ष कसा राहील? त्यानंतर नऊ वर्षांनी, १९४१ मध्ये, ते आपल्याच जिल्ह्यात कसबे तडवळ्याला महार-मांग वतनदारांच्या परिषदेला आले होते. गावाची सेवा करायची, गावासाठी साक्ष द्यायची आणि गावच्या निर्णयात मात्र नसायचे, हे ज्यांच्या वाट्याला आले, त्यांची ती परिषद होती. तेव्हा जुन्या पंचाच्या नावाने गळा काढण्यात अर्थ नाही. तो गेला ते बरे झाले.

पण नवा पंच कुठे आहे? तो आहे, मित्रहो. कायद्यात आहे. पोलिसांनी झडती घ्यायची तर त्या भागातले दोन किंवा अधिक स्वतंत्र आणि प्रतिष्ठित रहिवासी बोलवावेत, त्यांच्यासमोर झडती व्हावी, जप्त वस्तूंची यादी व्हावी आणि त्यांनी तिच्यावर सही करावी, असे जुनी संहिता सांगत होती. १ जुलै २०२४ पासून लागू झालेली नागरिक सुरक्षा संहिताही तेच सांगते. वर चित्रीकरण करा म्हणते. लेखी बोलावूनही सबळ कारणाशिवाय नकार देणे हा गुन्हा आहे. म्हणजे अमेरिकन माणसाला ज्यूरीचे पत्र येते, तसे आपल्यालाही बोलावणे येऊ शकते. ज्यूरीची सर्वांत जवळची जागा जी भारतीय नागरिकाला दिली आहे, ती ही. निकाल देण्याची नाही. पाहण्याची, आणि जे पाहिले ते सांगण्याची.

आणि ती जागा आपण सोडून दिली आहे.

पंचनामा हा शब्द या जिल्ह्यात कुणाला समजावून सांगायला नको. गारपीट झाली, अतिवृष्टीत सोयाबीन कुजले, की पहिली मागणी पंचनाम्याची. परंड्या-भूमकडच्या लोकांनी सप्टेंबर २०२५ च्या पुरात ही मागणी किती कळवळून केली, ते आपण पाहिले. स्वतःच्या नुकसानीच्या पंचनाम्यासाठी आपण तहसीलवर मोर्चा नेतो. आणि दुसऱ्याच्या पंचनाम्याला पंच म्हणून हाक आली, की बांधाबांधाने घर गाठतो. 'नको ती कोर्टाची पायरी', झालं! मग पोलीस कुणाला धरणार? जो नाही म्हणू शकत नाही त्याला. रस्त्यावर ज्याची टपरी आहे आणि उद्या ती उठवली जाऊ शकते, तो. कायद्याला हवा होता स्वतंत्र आणि प्रतिष्ठित. प्रतिष्ठित पळाला, म्हणून स्वतंत्र नसलेला सापडला. पुढे तोच तोच माणूस खटल्यामागून खटल्यात पंच होतो. चैतन्य ताम्हाणे यांचा 'कोर्ट' हा २०१४ चा मराठी चित्रपट आठवा. त्यात लोकशाहीराविरुद्धचा एक साक्षीदार पोलिसांचा नेहमीचाच आहे, हे बचावाचा वकील दाखवून देतो. समीक्षकांनी त्या जागी पोलिसांना बोल लावला, लावायलाच हवा. पण चित्रपट पाहताना आम्हाला वाटले, हा नेहमीचा साक्षीदार कुणाच्या रिकाम्या खुर्चीवर बसला आहे? आमच्याच ना?

इथे आमची स्वतःची गोष्ट सांगावी लागेल. ती सांगितल्याशिवाय वरचे सगळे बोलणे ढोंगाचे होईल.

पुष्कळ वर्षांपूर्वीची गोष्ट. तेव्हा आम्ही एका कॉलेजात तर्कशास्त्र शिकवत होतो. एका संध्याकाळी फिरायला गेलो असता रस्त्याच्या कडेला पोलिसांची गाडी उभी दिसली. विहिरीवरची मोटार चोरीला गेली होती, ती सापडली होती. गोणपाटावर ठेवलेली होती. बाजूला एक तरुण उकिडवा बसलेला. "सर, तुमच्यासारखा माणूस पंच मिळाला तर बरं होईल," असे कुणीतरी म्हणाले. आम्हाला जरा बरेही वाटले, खोटे कशाला सांगा. कागद लिहून तयार होता. त्यात लिहिले होते की या तरुणाने पंचांसमक्ष चालत जाऊन बाभळीखालची जागा दाखवली आणि माती उकरून मोटार काढून दिली. आम्ही चालत गेलो नव्हतो. बाभूळ पाहिली नव्हती. अंधार पडत होता, चहा आला होता. आम्ही सही केली.

तीन-साडेतीन वर्षांनी समन्स आले. साक्षीच्या पिंजऱ्यात उभे राहिलो. सरकारी वकिलांनी विचारले, आरोपीने तुमच्यासमोर मोटार काढून दिली का? 'होय' म्हणावे तर खोटी साक्ष. 'नाही' म्हणावे तर आपण न वाचता सही केली हे भर कोर्टात कबूल करायचे, समोर आपले दोन जुने विद्यार्थी वकिलाच्या कोटात बसलेले. आम्ही म्हणालो, "आता नीटसे आठवत नाही."

ज्यांच्या स्मरणशक्तीचे विद्यार्थी कौतुक करत, त्यांना आठवत नव्हते. तो तरुण सुटला. तो चोर होता की नव्हता हे आजपर्यंत कुणाला कळलेले नाही. होता, तर ज्याची मोटार गेली त्या शेतकऱ्यावर अन्याय झाला. नव्हता, तर तीन वर्षे तारखा करून तो सुटला तो निर्दोष म्हणून नव्हे, तर पंचाला आठवत नाही म्हणून. दोघांनाही न्याय मिळाला नाही, आणि दोन्हीला कारण एकच. आम्ही. त्या दिवसापासून सामंतावर हसणे आम्ही सोडले.

आयुष्यभर तत्त्वज्ञान शिकवले, म्हणून त्याची थोडी मदत घेऊ. न्यायदर्शनात शब्द हे प्रमाण मानले आहे. म्हणजे दुसऱ्याच्या सांगण्यावरूनही खरे ज्ञान होऊ शकते. पण कुणाच्या? आप्ताच्या. आप्त म्हणजे नातेवाईक नव्हे. ज्याने वस्तू स्वतः जाणली आहे आणि जशी जाणली तशी सांगण्याची ज्याची इच्छा आहे, तो आप्त. आणि वात्स्यायन त्यावर फार मोठी गोष्ट सांगतो की हे लक्षण ऋषीला, आर्याला आणि म्लेंच्छाला सारखेच लागू आहे. साक्षीला जात नाही, प्रतिष्ठा नाही. दोनच अटी : पाहिलेले असणे आणि सांगायची तयारी.

ही मोजपट्टी लावून बघा. सामंताला सांगायची हौस होती, पण पाहिलेले काही नव्हते. आपण काय पाहिले नाही, हे आम्हाला नेमके ठाऊक होते, पण सांगायची तयारी नव्हती. काशीकर मंडळींना बेणारेबद्दल थोडे माहीत होते, पण सांगायचे होते ते जखम करायला. तिन्ही ठिकाणी एकेक पाय लंगडा. शिवेवर उभा राहून खरे सांगणारा तो जुना माणूस या कसोटीला उतरतो, आणि त्यालाच आपण सभेत बसू दिले नाही.

आपल्या तेरच्या गोरोबाकाकांची कथा सगळ्यांना माहीत आहे. संतमंडळी जमली असता त्यांनी थापटणे घेऊन एकेकाचे डोके ठोकून पाहिले आणि नामदेव कच्चे मडके असल्याचे तोंडावर सांगितले. नामदेव रुसले. आम्ही ती कथा भक्तीची म्हणून ऐकत आलो. आता ती साक्षीचीही वाटते. काकांनी ऐकीव सांगितले नाही, स्वतः ठोकून पाहिले. आणि समोरचा नामदेव आहे म्हणून 'आठवत नाही' म्हटले नाही.

तुम्ही म्हणाल, सर, उपदेश सोपा आहे. साक्षीदाराला धमक्या येतात, दिवसभर कोर्टाच्या व्हरांड्यात बसवून तारीख पुढे ढकलतात, मजुराचा रोज बुडतो. खरे आहे. सर्वोच्च न्यायालयाने डिसेंबर २०१८ मध्ये साक्षीदार संरक्षण योजना मान्य केली, ती गावापर्यंत पोचली पाहिजे. ज्या शासनाला साक्ष हवी त्याने साक्षीदाराची किंमत ठेवली पाहिजे. महाराष्ट्रात गंभीर गुन्ह्यांत सरकारी कर्मचाऱ्यांनाच पंच नेमायचे धोरण आले. त्याने फितुरी काहीशी थांबेल, आम्हाला मान्य आहे. पण त्याचा दुसरा अर्थ असा की शासनाने नागरिकावरची आशा सोडली. आणि चित्रीकरणाने काम भागेल असे ज्यांना वाटते, त्यांनी हे लक्षात घ्यावे : कॅमेरा समोरचे दाखवतो. तो सुरू होण्याआधी गोणपाटावर काय होते, हे माणसालाच सांगावे लागते.

घटनेच्या ५१ अ कलमातली मूलभूत कर्तव्ये शाळेत पाठ करून घेतात. साक्ष देणे असे त्यांत वेगळे लिहिलेले नाही. पण तेवढे केले नाही तर दुसऱ्या कुणाचे मूलभूत हक्क कागदावरच राहतात. ॲरिस्टॉटलने नागरिकाची व्याख्या केली ती राज्यकारभारात आणि न्यायात भाग घेणारा अशी. केवळ त्या गावात राहतो तो नागरिक नव्हे. त्या व्याख्येने आम्ही बाभळीच्या संध्याकाळी फक्त रहिवासी होतो.

तेव्हा मोठे काही मागत नाही. हाक आली तर जा. ओळ न् ओळ वाचल्याशिवाय सही करू नका. जे पाहिले नाही ते लिहिलेले असेल तर म्हणा, साहेब, एवढे खोडा, मग सही करतो. सहीखाली वेळ स्वतःच्या हाताने घाला. समन्स आले तर जा आणि जेवढे माहीत तेवढेच सांगा. 'मी न वाचता सही केली' हे सांगायची वेळ आली तर तेही सांगा. लाज वाटेल. आम्ही ती लाज वाचवली, आणि गेली कित्येक वर्षे तिचे व्याज फेडतो आहोत.